चौघांतला दुसरा

"चा देऊ का, आजोबा?" घरी कामाला येणाऱ्या मालूने विचारलं आणि कमळाकर कर्णिकांच्या तोंडून "नाही" बाहेर पडलं. चहा त्यांना हवा होता. प्रश्न नीट कळला होता, उत्तर डोक्यात तयार होतं, पण ओठांतून निघताना 'हो'च्या जागी 'नाही' आलं. मालू "बरा" म्हणाली आणि वाफाळता कप घेऊन आत गेली. पक्षाघाताचा झटका आल्यापासून हे असंच चाललं होतं. नको असलेली उशी पाठीशी यायची, हवा असलेला पंखा बंद व्हायचा. त्याची त्यांनी सवय करून घेतली होती. पण आज रविवार होता. आज थोड्या वेळात विश्वजीत येऊन फोनचा कॅमेरा लावणार होता आणि त्यांना एकच प्रश्न विचारणार होता. मालूने चहा मोरीत ओतल्याचा आवाज आला, आणि न्यू पनवेलच्या त्या तिसऱ्या मजल्यावर, खिडकीशी ठेवलेल्या आरामखुर्चीत, सत्त्याहत्तर वर्षांचे ते निवृत्त विंग कमांडर मनातल्या मनात 'हो' घोकू लागले.

डोक्यात सगळं जागच्या जागी होतं, आणि नेमकं हेच कुणाला पटवून देता येत नव्हतं. उजवा हात मांडीवर कुणीतरी विसरून गेल्यासारखा पडलेला असे. जीभ जड, ओठ एका बाजूला ओघळलेला. पण आत सगळे शब्द होते, मराठी, इंग्रजी, छावण्यांमधली पंजाबी, आजोळच्या शिव्यासुद्धा. हंटर विमानाच्या कॉकपिटमधली एकेक तबकडी त्यांनी डोळे मिटून सांगितली असती. तोंड उघडलं की मात्र चार-पाच शब्दांपैकीच कुठलातरी यायचा. 'नाही', 'पाणी', 'अगं', आणि का कोण जाणे, 'मंगळवार'. कामोठ्याहून वाचा सुधारण्यासाठी एक मुलगी यायची, सई नावाची. ती म्हणायची, "काका, शब्द हरवलेले नाहीत. वाट बंद झालीय, दुसरी सापडेल." तिनेच डाव्या हाताने लिहायला पाटी आणून दिली होती. त्यांना मित्राचं नाव लिहायचं होतं, 'काशिराम'. 'क' उमटला, मग आणखी एक 'क', आणि मग हात 'क'च काढत राहिला, पाटी भरेपर्यंत. आशालताबाईंनी ती हळूच काढून घेतली. त्या वेळी त्या हसत होत्या, लहान मुलाकडे बघून हसतात तशा, आणि पन्नास वर्षांच्या संसारात पहिल्यांदा कमळाकरांना आपल्या बायकोच्या हसण्याची भीती वाटली होती.

विश्वजीत त्यांच्याच स्क्वाड्रनचा, पण बराच नंतर आलेला. ग्रुप कॅप्टन म्हणून निवृत्त झाला, खारघरला राहायला आला आणि स्क्वाड्रनचा इतिहास लिहायला बसला. फायटर स्क्वाड्रनचा इतिहास म्हणजे तरी काय असतो, कमळाकर कधी कधी स्वतःशी म्हणत. पत्र्याच्या दोन शेड आणि इंग्रजांनी मागे ठेवलेली जुनी विमानं, तिथून सुरुवात. मग बदललेले तळ, बदललेली विमानं, बदलत गेलेले सीओ, म्हणजे स्क्वाड्रनप्रमुख. पासष्टचं युद्ध, एकाहत्तरचं युद्ध. क्रू रूमच्या भिंतीवर वाढत जाणारे फोटो, आणि त्यांतल्या काहींना घातलेले हार. विश्वजीतने देशभर हिंडून म्हातारे शोधून काढले होते, कुणी डेहराडूनला, कुणी कोइमतूरला. गेल्या दिवाळीत त्याचा फोन आला. "सर, एकाहत्तरचं चॅप्टर झालंय, फक्त ती एक सॉर्टी राहिलीय. चौघं गेलात, सीओ परत आले नाहीत आणि नंबर दोन वाटेतूनच परतला. त्या चौघांपैकी आता तुम्ही एकटेच आहात. नंबर दोनबद्दल जे बोललं जातं ते तुमच्याकडून ऐकल्याशिवाय मला छापायचं नाहीये." इतक्या वर्षांत कुणीतरी आपण होऊन विचारत होतं. "ये," कमळाकर म्हणाले होते, "समोर बसून सांगतो, अगदी पहिल्यापासून." मग विश्वजीतच्या मुलीचं लग्न निघालं, मग त्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन. आणि मग एका सकाळी दाढी करताना कमळाकरांच्या हातातून ब्रश गळून पडला. आरशातला माणूस आपल्याकडे वाकडं तोंड करून का बघतोय, हे त्यांना कळेचना.

नंबर दोन म्हणजे काशिराम घरत. करंज्याचा, मिठागरात राबणाऱ्या बापाचा मुलगा. ॲकॅडमीत पहिल्या दिवशी कुणीतरी ओरडून विचारलं होतं, कुलाबा जिल्ह्यातलं कोण आहे, आणि दोनच हात वर झाले होते. पनवेलचा कर्णिक आणि करंज्याचा घरत. करंज्याला विमानाला 'इमान' म्हणत. पहिल्या सुट्टीत काशा गावी गेला तेव्हा वाळत घातलेल्या बोंबलांमागून बायका विचारायच्या, "काशा, तू इमान चालवतंस खरा?" हे तो मेसमध्ये इतकं रंगवून सांगायचा की पंजाबी पोरंसुद्धा धावपट्टीकडे जाताना म्हणायला लागली, चलो, इमान पे. विमान हातात आलं की मात्र तो गप्प व्हायचा. कमळाकर त्याच्याहून बरे उडवायचे असं सगळे म्हणत; पण शेजारी कोण हवा असं विचारलं तर सीओ काशिरामचं नाव घेत. म्हणून त्या सकाळीही तो दुसरा होता.

ती सकाळ ते रोज बघायचे. वाळवंटातल्या तळावरची थंडी, हातमोज्यांतूनही बोटं कापणारी. चार हंटर. उड्डाण जमिनीला लागून, रडार चुकवत, इतकं खाली की झुडपांच्या सावल्या पोटाखालून पळताना दिसाव्यात. रेडिओवर एक अक्षर बोलायचं नाही. पुढे सीओ, त्यांच्या उजव्या हाताला काशिराम, त्याच्या उजवीकडे बरेच लांब नंबर तीन, कमळाकर, आणि सगळ्यात कडेला चौथा, केरळचा एक नवा पोरगा. सीमा ओलांडल्यावर काशिरामच्या पंखाखालून एक पांढरी रेघ निघाली. पंखाला लावलेली जादा इंधनाची टाकी पुढच्या बाजूने निसटून लोंबत होती आणि इंधन फवाऱ्यासारखं मागे उडत होतं. विमान एका अंगाला ओढत होतं. काशा ते सरळ धरायला किती झगडतोय, ते पंखाच्या थरथरीवरून कळत होतं. कमळाकर आपली जागा सोडून त्याच्याजवळ सरकले. किती जवळ, तर काशाच्या हेल्मेटवरचा ओरखडा दिसावा. पलीकडून सीओंनीही ते पाहिलं होतं. सीओंनी हात वर केला आणि अंगठा खांद्यावरून मागे दाखवला. परत जा. काशाने मान हलवली, नाही. सीओंनी पुन्हा अंगठा मागे केला, या वेळी अशा तिडकीने की मूठ काचेवर आपटली असेल. मग काशाने विमान थोडं वर घेतलं आणि वळवलं. वळताना त्याने कमळाकरांकडे बघितलंही नाही. बाकीचे तिघं पुढे गेले. लक्ष्यावरच्या तोफांनी सीओंना गाठलं, विमान वाळूत शिरलं, हवाई छत्री उघडली नाही. आणि काशाची ती टाकी परतीच्या वाटेवर आपोआप गळून वाळवंटात कुठेतरी पडली. तो तळावर उतरला तेव्हा त्याच्या विमानात बोट दाखवण्यासारखं काही उरलंच नव्हतं.

टाकी त्याने स्वतःच सोडली, म्हणाले. घाबरलेला माणूस आधी टाकी सोडतो, म्हणाले. अंगठा दाखवणारा माणूस वाळूत गेलेला. चौथ्याचं कामच बाहेरचं आकाश बघत राहण्याचं, त्याने काही पाहिलं नव्हतं, आणि त्याच आठवड्यात तोही गेला. कमळाकरांनी चौकशीत सगळं सांगितलं, अंगठा दोनदा हलला इथपर्यंत. समोरच्या साहेबाने ऐकून घेतलं आणि विचारलं, "कर्णिक, तू त्याच्याच जिल्ह्यातला ना?" मग पेनाला टोपण लावलं. काशिरामवर कसलाही आरोप ठेवला गेला नाही. ठेवला असता तर बरं झालं असतं, आरोपाला उत्तर देता येतं. फक्त पुढच्या सॉर्टीत त्याचं नाव नव्हतं, आणि त्याच्या पुढच्याही. तो मेसमध्ये आला की बोलणं क्रिकेटवर जायचं. काही वर्षं त्याने गोदामांच्या हिशेबात काढली, मग नोकरी सोडून करंज्याला बंदरावरच्या बर्फाच्या कारखान्यात मॅनेजर झाला. कमळाकर प्रत्येक सुट्टीत त्याच्याकडे जात. जिथे कुणी ऐकेल तिथे ते हे सांगत राहिले, रियुनियनमध्ये, लग्नांत, एकदा तर एका एअर मार्शलला लिफ्टमध्ये. ऐकणारा मान डोलवायचा आणि विषय बदलायचा. काशा स्वतः त्याबद्दल कधी बोलला नाही. एकदाच, धक्क्यावर बसले असताना, लिलावाच्या गलक्यात तो म्हणाला, "कमळ्या, तू बगलास ना. मंग झाला." करोनाच्या आदल्या वर्षी तो गेला.

बेल वाजली. विश्वजीत आत आला, सडपातळ, चालण्यात अजून परेड असलेला, आणि त्याच्या मागून किशोरी आली. ती येणार हे कमळाकरांना कुणी सांगितलं नव्हतं. काशिरामची मुलगी, उरणला शाळेत शिकवायची. बापाचंच रुंद कपाळ, तशीच मान थोडी पुढे काढून चालायची सवय. तिने आशालताबाईंच्या हातात सुकटीचं पुडकं दिलं आणि खुर्चीपाशी वाकली. "काका, ओळखलंत?" तोंडातून 'मंगळवार' येईल या भीतीने त्यांनी ओठ घट्ट मिटून घेतले आणि डोळ्यांनी हसायचा प्रयत्न केला. हसू डोळ्यांपर्यंत पोचलं की नाही, कळायला मार्ग नव्हता. तिच्यासमोर नको, एवढंच त्यांच्या मनात आलं. पण तिच्यासाठीच तर होतं सगळं.

"विश्वजीत, मी एक सांगू का?" पाणी ठेवता ठेवता आशालताबाई म्हणाल्या. "हे मी लग्न झाल्यापासून ऐकतेय. अंगठा दाखवला, एकदा नाही, दोनदा. काशिरामभावजी नाही म्हणत होते, तरी दाखवला. मी सही करून देते हवं तर."

"मॅम, तुमच्यावर माझा पूर्ण विश्वास आहे," विश्वजीत म्हणाला. तो स्टँडवर फोन बसवत होता. "पण ते तुम्ही ऐकलेलं आहे. हे पुस्तक सीओंच्या घरचेही वाचणार. नंबर दोन सोबत राहिला असता तर आपला माणूस वाचला असता, असं ते आजवर धरून चाललेत. त्यांना काही वेगळं सांगायचं तर ते सरांच्या तोंडून यायला हवं. एक 'हो' आलं तरी पुरे."

"त्यांचं हो-नाही उलटसुलट होतं रे."

"माहितीय. तीच तर पंचाईत आहे, कारण मग उद्या ते हो म्हणाले तरी कुणी..." वाक्य अर्धवट सोडून तो कमळाकरांसमोर स्टूल ओढून बसला. "सर, तुम्ही कम्फर्टेबल आहात ना? घाई नाही."

सईने शिकवलं होतं तसं त्यांनी मनात सगळं मांडून ठेवलं. आधी श्वास. मग 'ह', काचेवर वाफ सोडल्यासारखा. मग ओठांचा गोल. बाकी काही आठवायचं नाही, वाळवंट नाही, काशा नाही, फक्त ओठांचा गोल. फोनच्या काचेत त्यांना स्वतःचा चेहरा लहानसा दिसत होता. किशोरी आशालताबाईंच्या शेजारी उभी होती, पदराचं टोक मुठीत धरून.

"सर, सीओंनी नंबर दोनला परत जायला सांगितलं होतं का?"

"नाही," कमळाकर म्हणाले.

बाहेर नव्या विमानतळावरून उडालेलं एक विमान खिडकीवरून गेलं आणि तावदानं हलकीशी वाजली. कमळाकरांनी पुन्हा श्वास घेतला. 'हो'. "नाही." 'हो, हो, अरे हो'. "नाही, नाही, नाही." जितका जोर लावावा तितकं ते स्पष्ट येत होतं. इतके दिवस एकही शब्द त्यांच्या तोंडून असा धड आला नव्हता, आणि त्या शब्दाबरोबर मानही हलत होती, डावीकडे, उजवीकडे, आपण होऊन. किशोरीच्या मुठीतला पदर त्यांना दिसत होता. तो सुटला.

"ठीक आहे सर, ठीक आहे," विश्वजीत म्हणाला. "बोलू नका. हाताने दाखवा. सीओंनी काय केलं होतं?"

डावा हात चांगला होता. तो कप धरायचा, घास उचलायचा, माशी हाकलायचा. त्यांनी त्याच्याकडे बघितलं. मूठ, अंगठा, मागे, एवढंच करायचं होतं. हात छातीपर्यंत आला. मूठ वळली. अंगठा निघतोय असं वाटलं, आणि मग एकामागून एक सगळी बोटं उघडली, आणि तळवा बाहेरच्या दिशेने हलू लागला. ते मूठ वळायला सांगत होते आणि हात हलत होता, दारात उभ्या पाहुण्यांना निरोप द्यावा तसा.

"आपल्याला जा म्हणतायत," किशोरी हळूच म्हणाली.

"दमलेत," विश्वजीत म्हणाला आणि त्याने फोन स्टँडवरून काढला.

माणसाची वाचा गेली की त्याला ऐकूही येत नाही असं लोक धरून चालतात. विश्वजीत आशालताबाईंशी बोलायला दोन पावलं बाजूला झाला, एवढंच. "मॅम, एक बोलू? मी हंटर नाही, पण याच कामाला मिग उडवलंय. नंबर तीन अर्धा मैल लांब असतो. तिथून अंगठा सोडा, धड डोकंही दिसत नाही. सर खोटं बोलले असं मी मुळीच म्हणत नाही. पण मित्र होते ते. माणूस वर्षानुवर्षं एखादी गोष्ट सांगत राहिला की त्याला ती खरोखर दिसायला लागते. मी अशी बरीच माणसं बघितलीत या पुस्तकाच्या निमित्ताने."

मी अर्धा मैल लांब नव्हतो. मी जागा सोडून जवळ गेलो होतो, त्याच्या पंखाखालची टाकी बघायला. त्याच्या हेल्मेटवर उजव्या बाजूला ओरखडा होता, जिन्यावरून घरंगळताना पडलेला, मी विचारलं होतं त्याला त्याबद्दल. वाक्यं एकामागोमाग तयार होऊन उभी होती, व्याकरणासकट, विरामचिन्हांसकट. कमळाकरांनी खुर्चीचा हात पकडला, पुढे झुकले, आणि सगळ्या जोरानिशी म्हणाले, "पाणी."

मालू धावत पेला घेऊन आली. त्यांनी तो ढकलला, पाणी लुंगीवर सांडलं. "नको तर नको, आजोबा," मालू म्हणाली, "चिडू नका तुमी." ती पुसत असताना पलीकडे किशोरी विचारत होती, "मग पुस्तकात काय येणार, सर?"

"'नंबर दोन परतला', एवढंच. कारण नाही लिहिणार मी. वाईटही नाही लिहिणार, प्रॉमिस."

"कारण नाय लिवला म्हंजे लोक जे समजायचे तेच समजतील," किशोरी म्हणाली. शाळेत बोलायची शुद्ध भाषा गळून पडली होती. आवाजात राग नव्हता. वर्गातल्या मुलांना रोजचं काही सांगावं, तसं ती सांगत होती. मग ती कमळाकरांच्या समोर गुडघ्यांवर बसली आणि तिने त्यांचा डावा हात दोन्ही हातांत धरला. "काका, तुम्ही मनाला लावून घेऊ नका. तुम्ही बाबांसाठी इतकी वर्षं बोललात, ते कुणी केलं असतं?" बाबांसाठी बोललात. पाहिलंत असं ती म्हणाली नाही. तिच्या लक्षातही आलं नसेल. तिने वाकून नमस्कार केला, आणि जिन्यावरून दोघांची पावलं खाली गेली, विश्वजीतची आणि तिची.

दुपारचं जेवण मालूने भरवलं. भाताचे चार घास पोटात गेले असतील. तिची घरी जायची वेळ झाली तशी ती दार ओढून गेली, आणि आशालताबाई वाळलेले कपडे घेऊन पलंगाच्या कडेला बसल्या. खिडकीतून उन्हाचा पट्टा त्यांच्या हातांवर पडला होता. त्यांनी एक टॉवेल घडी केला, उलगडला, पुन्हा घडी केला. कमळाकर बघत होते. या बाईने त्यांना कधीच विचारलं नव्हतं. लग्नानंतर पहिल्याच वर्षी, जोरहाटच्या क्वार्टरमध्ये, काशिराम तिथल्याच गोदामावर असताना, त्यांनी ती सकाळ सांगितली तेव्हा ती फक्त म्हणाली होती, "काशिरामभावजींना जेवायला बोलवा ना इथे, इतक्या लांब कुणी येत नसेल त्यांच्याकडे." आणि तेव्हापासून ती गोष्ट तिचीही झाली होती. ते सांगताना थांबले की पुढचं ती सांगायची. जगात दोन तोंडं होती ती गोष्ट सांगणारी, आणि त्यांतलं एक बंद पडलं तरी दुसरं आहे, हा दिलासा त्यांना झटका आल्यापासून रोज रात्री झोप द्यायचा.

"अहो," टॉवेलकडे बघतच त्या म्हणाल्या. "एक विचारू? रागावू नका."

कमळाकरांनी मान तिच्याकडे वळवली.

"तुम्ही खरंच पाहिलं होतंत ना? म्हणजे, इतक्या लांबून. विश्वजीत म्हणत होता ते ऐकलं आणि माझ्या मनात आपलं आलं. मी कधी विचारलंच नाही तुम्हाला."

'हो' तोंडाशी आलं आणि त्याच्यामागे काय येणार हे त्यांना कळलं. सकाळपासून त्या शब्दाने त्यांना चारदा तोंडघशी पाडलं होतं. 'नाही' म्हणायला जावं, म्हणजे कदाचित 'हो' येईल, असंही त्यांच्या मनात आलं, पण 'नाही' म्हणायला गेलं आणि 'नाही'च आलं तर. काशाबद्दल, आशाच्या समोर. त्यांनी ओठ मिटून घेतले. इतके घट्ट की ओघळलेली बाजूसुद्धा वर ओढली गेली. जे काही होतं ते त्यांनी डोळ्यांत आणलं आणि ते डोळे तिच्यावर रोखून धरले.

मग आशालताबाईंनी उत्तर मिळाल्यासारखी मान हलवली. टॉवेल बाजूला ठेवून त्या उठल्या, खुर्चीपाशी आल्या आणि त्यांच्या विरळ केसांवरून हात फिरवू लागल्या.

"असू दे हो," त्या म्हणाल्या. "मित्रासाठी बोलतो माणूस. त्यात काय एवढं. तुमच्या जागी मी असते तर मीही बोलले असते."

कमळाकरांनी डोकं बाजूला घेतलं. डाव्या हाताने त्यांनी तिचं मनगट पकडलं आणि गच्च दाबलं, बांगडी तिच्या हाडात रुतेपर्यंत. त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, एका गालावरचं त्यांना जाणवत होतं, दुसऱ्या गालावरचं नव्हतं. आशालताबाईंनी मनगट सोडवून घेतलं नाही. मोकळ्या हाताने त्यांनी पदर घेतला आणि दोन्ही गाल पुसले.

"रडू नका. माझ्यापाशीच राहील हे," त्या म्हणाल्या. "आता मी कुणालाच काही सांगायला जाणार नाही." त्या शब्दाच्या किती पक्क्या होत्या, हे कमळाकरांइतकं कुणालाच ठाऊक नव्हतं.